मे महिन्यातला ओढा

लोकांना विचारून शहराचं नियोजन होत नसतं, असं तुमच्यापैकी ज्याला वाटतं त्यानं आधी हे ऐकावं. आयटी कंपन्या आल्या आणि पुणं चारी बाजूंनी सुटलं, तेव्हाची गोष्ट. विकास आराखड्यावरच्या हरकतींची सुनावणी होती. माणशी दोन मिनिटं. एवढ्या वेळात पुण्यात पत्तासुद्धा सांगून होत नाही. मी भांडायच्या तयारीनंच गेलो होतो.

टेकडीखालच्या वस्तीतल्या कांबळेबाई भिंतीवरच्या नकाशापुढे उभ्या राहिल्या. "साहेब, हा रस्ता नाही, ओढा आहे. तुम्ही तो बुजवलात तर पाणी आमच्या घरांत शिरेल."

आराखडा तयार करणारा तरुण सल्लागार लॅपटॉपमधून मान वर न काढता म्हणाला, "मॅडम, ही सॅटेलाइट इमेज आहे. यात पाणी दिसत नाही."

"फोटो कधी काढलात?"

"मे महिन्यात."

"मग जुलैमध्ये या. येताना स्कूटर आणू नका."

सभागृह हसलं. सल्लागार म्हणाला, "टाइम संपला." मी तावातावानं उठलो, पण सुनावणी घेणाऱ्या अधिकाऱ्यांनी सल्लागाराला हातानंच थांबवलं आणि बाईंपुढे पेन्सिल धरली. "तुम्हीच काढा. कुठून येतो, कुठे जातो?"

बाईंनी आधी रबर मागितलं आणि रस्ता खोडला. मग टेकडीपासून नदीपर्यंत ओढा काढला, वळणांसकट. अधिकाऱ्यांनी शेजारी सही केली आणि सभागृहाला विचारलं, "आणखी कोणाचा ओढा राहिलाय?"

अर्धं सभागृह उभं राहिलं.