फणगोळे

हॅलो? … हो, हो, आजीच बोलतेय. … साल? एकाहत्तर. बहात्तर नव्हे, एकाहत्तर! पण आज तुझी हॉटेलातल्या नोकरीची परीक्षा ना गं? मग इतिहास काय विचारतेस? … शेफबाईंना हवाय? पदार्थ घरात कुठून आला ते? … सांगते की! आधी सांग, ते बटाट्याचे इटालियन गोळे, तुझे न्योकी, झाले का?

काय? विरघळले? सगळे? … अगं, ऐक ना… रडायला अख्खी संध्याकाळ पडलीय. बटाटे सोलून उकडलेस? … वाटलंच! पाणी प्यायले ते. सालासकट भाजलेले आहेत कुणाकडे? … शेजारच्या ओट्यावरच्या बाईंनी सूपसाठी भाजलेत? मग माग की! मागायला लाज कसली, चोरायचे थोडेच आहेत!

दिले? भली बाई! गरम आहेत तोवर कुस्कर. … भाजू दे हात. अंड्यातलं पिवळं, साखर, लिंबाची किसलेली साल… मैदा बेताचा. नुसतं गोळा कर. तिंबू नकोस, तिंबलंस की रबर!

आता छोटे गोळे वळ, त्यांवर रेघा. … खाचांची फळी नाही? मग फणी घे, लाकडी. … हसतेस काय! … पर्समध्ये आहे? वापरलेली? शी! … कोरी? मला भेट आणलेली? बरं, माझी मी तुला दिली. धू आणि फिरव.

अगं, हाच तर इतिहास! मी आणि माझी ताई बेकरीत कामाला होतो. मालकीणबाईंनी ताईला पिटाळलं, ‘ते लाकडाचं, दात्यांचं आण.’ त्यांना हवी होती फळी. ताई आली फणी घेऊन! … हो ना! आधी कपाळाला हात लावला बाईंनी, मग हसता हसता पिठाच्या पोत्यावर बसल्या. पण फणीवरून फिरवले, तर काय सुरेख रेघा! आलुबुखाराचा रस रेघेरेघेत बसला. तेव्हापासून आमच्यात ते फणगोळे. न्योकी तुमच्या पुस्तकात.

तुझा रस कुठवर आलाय? … चमच्याच्या पाठीला धरतोय? उतरव. गोळे सोड पाण्यात. … बुडाले? बुडणारच. थांब जरा. … एक आला वर? … अजून? … सगळे? अख्खे? अगं बाई गं! … काही नाही, मी टाळ्या पिटतेय. तुझे आजोबा धावत आले, काय पेटलं म्हणून!

शेफबाई आल्या? जा, जा. फोन तसाच राहू दे. …

हॅलो? काय म्हणाल्या? … बेकरीतल्या त्या लोकांचं पुढे काय झालं? खाता खाता हे विचारलं? … सांग त्यांना, मालकीणबाई म्हातारपणी लेकीकडे गेल्या, तिथेच वारल्या. बेकरीच्या जागी आता चष्म्याचं दुकान आहे. आणि ताईने लग्न केलं त्या फणीवाल्या दुकानदाराशी! … खरंच! दुसऱ्या दिवशी फणी बदलून घ्यायला गेली, तिथेच जमलं. म्हातारपणी त्याच्या डोक्यावर एक केस उरला नव्हता. ताई म्हणायची, माल खपवून बसलाय. … गेली गं, दोघंही गेली. मी ही अशी, सगळ्यांच्या गोष्टी सांगायला उरलेली.

माझं राहू दे! तुझं काय झालं ते सांग. … काय? परत बोल. … सोमवारपासून? … अहो, ऐकलंत का! पोरीला घेतलं! … हॅलो? … हॅलो?

ठेवला वाटतं. लागली कामाला.