शांतानं घेतलेली शपथ

कोर्टात खोटं बोलणाऱ्याला लाज नसते म्हणता ना, मग आमच्या शेजारच्या शांताचं ऐका.

औरंगपुऱ्यात एका पुढाऱ्याच्या पुतण्यानं अंगावर गाडी घातली अन् शांताचा थोरला पोरगा जागीच गेला. गाडी कोण चालवत होतं, ते आम्ही दोघींनी डोळ्यांनी बघितलं होतं.

साक्षीला आधी मी उभी राहिले. कारकून म्हणाला, "ईश्वराची शपथ घेऊन सांगा."

"आम्ही बौद्ध. देव मानत नाय. सत्याला स्मरून सांगते."

जजसाहेब म्हणाले, "चालेल." मी पुतण्याकडं बोट करून सगळं सांगितलं.

मग शांता आली. तिनं मुकाट्यानं ईश्वराची शपथ घेतली अन् म्हणाली, "चालवणाऱ्याचं तोंड मला दिसलं नाय."

आईच असं म्हणाली, मग माझ्या साक्षीला कोण विचारतो? पुतण्या सुटला.

त्या दिवशी कोर्टाबाहेर मी तिचा दंड धरला. "पोटच्या पोराबद्दल खोटं बोललीस? अन् वर देवाची शपथ? दीक्षेच्या प्रतिज्ञा तोंडपाठ हायेत तुला."

शांता खाली बघत बोलली, "धाकट्याचं बी असंच होईल, असा निरोप आला होता, अक्का. खोटं तर बोलायचंच होतं. मग ज्याला मानत नाय, त्याचीच शपथ घेतली."