कार्डाच्या जागी पिवळी चिठ्ठी

— नाही, नाही, त्या खुर्चीत नका बसू, तिची स्प्रिंग टोचते, इकडे बसा, खिडकीपाशी. आणि दारात सांगितलं तेच परत सांगते, म्हणजे नंतर तुमचा हिरमोड नको — आमच्या गार्साइड साहेबांनी मरायच्या आधी तुम्हाला पत्र लिहिलं, मिस ट्रेमेनला विचारा म्हणून, ते आपले उगाच लिहून गेले. मला काय माहीत असणार? मी कारकून. सरकारी कचेरीत, पेन्शनच्या विभागात, एकतीस वर्षं. इथे बेक्सहिलमध्ये सगळे मला पेन्शनवाली बाई म्हणूनच ओळखतात, चर्चमधल्या बायका माझ्याकडे फॉर्म घेऊन येतात — आता त्यांना कसं सांगू की तो फॉर्म मी आयुष्यात पहिल्यांदा त्यांच्याच हातात बघितला — म्हणजे — साखर घेता ना? दोन घाला, तुमचा चेहरा उतरलाय.

दाखवा बघू ते दुसरं पत्र, लंडनच्या कचेरीतून आलेलं. हं. 'आपण विचारलेल्या नावाची आमच्याकडे कोणतीही नोंद आढळत नाही.' सही वाचता येणार नाही, तशीच करायला शिकवतात. मग झालं तर — नोंद नाही म्हणजे नाही. तुमचे वडील, ओटाकार व्लासाक, प्रागला रेल्वेत होते म्हणालात, मालगाड्यांच्या कचेरीत. कुठली गाडी कुठे गेली हे ते आमच्या — हे ते लंडनला कळवत होते असं तिथल्या सरकारचं म्हणणं. पैशासाठी देश विकला म्हणे. तुमच्या आजीने पुढे घरात त्यांचं नाव घेऊ दिलं नाही. आणि एवढ्या लांबून तुम्ही विचारायला काय आलात, तर त्यांनी खरंच पैसे घेतले का, आणि ज्यांच्यासाठी जीव धोक्यात घातला त्यांनीच 'आम्ही ओळखत नाही' म्हणून दार का लावलं. पस्तीस वर्षं हा प्रश्न पोटात घेऊन फिरताय. मी कुठून उत्तर आणू? माझ्याकडे आलं-बिस्किटं आहेत, ती घ्या. थांबा, खिडकी लावते, समुद्रावरचं धुकं आत येतंय, तुमच्या दम्याला ते बरं नाही —

तुम्हीच म्हणालात ना मघाशी, दमा? नाही म्हणालात?

अशा बघू नका माझ्याकडे. ठीक आहे. ठीक आहे, बस. म्हातारपणी जीभ सैल होते म्हणून आमच्यातल्या कितीतरी जणी कुणाला घरी बोलवतच नाहीत. तुझं नाव यित्का, आठ वर्षांची, दमा, इंजेक्शनं आणि फवारा लंडनहून, दर दोन महिन्यांनी. कार्डावर 'मोबदला' असा रकाना असतो पोरी, तिथे बाकीच्यांचे आकडे असायचे, आणि तुझ्या वडिलांच्या तिथे काय होतं? औषध. फक्त औषध. गार्साइड साहेब प्रागला होते तेव्हा त्यांनी एकदा पैसे पुढे केले, तर तुझे वडील म्हणाले, पैशाने मुलीला श्वास घेता येणार आहे का. पैसे नाही घेतले गं त्यांनी, कधीच नाही. हे आजीला सांगायला हवं होतं कुणीतरी. पण आमच्यात कुणी कुणाला काही सांगत नाही, तीच तर आमची नोकरी.

आता दुसरं विचारशील. विचार. नको, मीच सांगते, नाहीतर परत फिरेन. आमच्याकडे एक मोठी खोली होती, भिंतभर लाकडी खण, प्रत्येक नावाचं एक कार्ड — आणि कायदा एकच, कार्ड बाहेर काढलंस तर त्या जागी पिवळी चिठ्ठी ठेवायची, त्यावर तुझं नाव. साधी गोष्ट, म्हणजे दुसऱ्याने शोधलं तर त्याला कळेल कार्ड कुणाच्या टेबलावर आहे. त्या उन्हाळ्यात गार्साइड साहेब लंडनला परत आले होते आणि रजेवर जाताना माझ्याकडे कागद ठेवून गेले — व्लासाकच्या कार्डावर मुलीचं नाव चढव, दोघांना ऑगस्टमध्ये त्या देशातून बाहेर काढायचंय. मी कार्ड काढलं, तुझं नाव लिहिलं, छान शाईने, ती वाळायला ठेवली — आणि तेवढ्यात कुणीतरी म्हणालं, चला, वरच्या मजल्यावर केक कापतायत, एकीचं लग्न ठरलं होतं. चिठ्ठी नाही ठेवली मी. पाच मिनिटांचं काम, आले की परत लावेन, असं म्हणाले. पाऊण तास लागला. केक बदामाचा होता, मला अजून आठवतो, आणि त्यानंतर मी बदाम खाल्लेला नाही.

त्या पाऊण तासात तुझे वडील प्रागमधल्या आमच्या माणसाच्या दारात उभे होते. माणूस नवा होता, त्याने त्यांना कधी बघितलं नव्हतं. अनोळखी माणूस म्हणतो मी तुमचाच, पोलीस माझ्या मागावर आहेत, मला आत घ्या — तर घ्यायचं नाही, आधी लंडनला तार करायची, कारण अशी सोंगं घेऊन पोलीसच यायचे. तार आली. खाली कार्डांच्या खोलीत ईनिड होती, माझ्यासारखीच कारकून. तिने खण उघडला, कार्ड नाही, चिठ्ठी नाही. तिने लिहिलं, 'नोंद नाही.' तिचं काय चुकलं? काही नाही. आणि तू कोपऱ्यावरच्या बाकावर बॅग घेऊन बसली होतीस, हे तूच आत्ता दारात सांगितलंस, हे मला माहीत नव्हतं. बरं झालं नसतं का, तू हे मला सांगितलंच नसतंस तर.

मी खाली आले आणि कार्ड जागेवर लावलं. तीन दिवसांनी कळलं, आमच्या माणसाने दार लावलं आणि तुझ्या वडिलांना धरून नेलं. ईनिडला नोकरीवरून काढलं, नीट बघितलं नाही म्हणून. ती रडत गेली आणि मी तिला कोट धरून दिला. चिठ्ठीचं सांगितलं नाही. गार्साइड साहेब मरेपर्यंत म्हणायचे, आपल्यातच कुणीतरी फितूर होतं. होतं ना, रोज त्यांना सुप्रभात म्हणत होतं.

आणि हे पत्र — यात खोटं काही नाही, ते खरंच नोंद शोधत असतील. नोंद तिथे नाहीच. नोंदी ठेवायला कॉम्प्युटर आला तेव्हा मेलेल्या माणसांची कार्डं जाळायला आमच्याकडे दिली, मी एक पर्समध्ये घातलं. म्हणजे दुसऱ्यांदाही मीच. ऊठ जरा, तुझ्या मागच्या कपाटात बिस्किटांचा डबा आहे, निळा. हा. यात आहे. वाच — 'मोबदला: औषध.' आणि खाली तुझं नाव. अक्षर माझंच. हे घरात ठेवणं गुन्हा आहे, तुला देणं त्याहून मोठा, तर घेऊन जा.

थांब — एक मिनिट थांब. मला लिहू दे. तसा पिवळा कागद नाही, हा चालेल, पाकिटाची मागची बाजू. 'व्लासाक, ओटाकार. कार्ड बाहेर. कुणाकडे: मुलीकडे. काढून देणार: हेस्टर ट्रेमेन.' तारीख. हे त्या डब्यात ठेवते. कुणी विचारायला आलं तर सापडेल.

रडू नका. माझ्याकडे रुमाल नाही द्यायला. तुमची बस चार वीसची, कोपऱ्यावर मिळेल — कार्ड आतल्या खिशात घाला, बाहेर दमट आहे. नाही, माफ वगैरे काही म्हणू नका, मी ते मागितलेलं नाही. दार ओढून घ्या जाताना.