निकोसचा सविस्तर परिचय

मार्चचा दुसरा शनिवार, प्लेनो, अमेरिका. सकाळपासून गार वारा, ऊन नाही.

आमचा ग्रीक शेजारी निकोस तीस वर्षं चित्रपट लिहितो आणि त्यांची निर्मितीही स्वतःच करतो. त्याचा नवा रहस्यपट आज मी आमच्या मराठी मंडळात ठेवला होता. "लोक शेवटपर्यंत बसले, तर पुढचा इथेच काढीन," असं तो म्हणाला होता. परिचय करून द्यायला मंडळाचे अध्यक्ष जोशीकाका यांनी माझी टिपणं मागितली आणि मी मूर्खासारखा सगळी वहीच देऊन बसलो.

काका माइकवर मराठीतून वीस मिनिटं बोलले. निकोसचं गाव, त्याचं पहिलं नाटक, मग एकेका चित्रपटाची पूर्ण गोष्ट. शेवटी आजच्या चित्रपटाचीही. "...आणि खून केलेला असतो डॉक्टरनं!"

सभागृहानं टाळ्या वाजवल्या. मराठी न कळणाऱ्या निकोसनं उठून, वाकून सगळ्यांचे आभार मानले.

मी काकांना बाजूला ओढलं. "काका, खुनी कोण ते कशाला सांगितलंत?"

"अरे, पाहुण्याचा परिचय अर्धवट द्यायचा का? तुझ्याच वहीत होतं ना!"

चित्रपट सुरू झाला तेव्हा साठ जण होते. संपला तेव्हा तिघं होतो: निकोस, मी आणि झोपलेले जोशीकाका. बाकीचे जेवणाच्या रांगेत होते.