परमुलखातला न्यायाधीश

कतारमधल्या उम्म सलालहून गोदामाकडे निघालेल्या कंपनीच्या बसमध्ये, माझ्या पुढच्या सीटवर फोरमन निवृत्तीभाऊ आणि ऑफिसातला कुणाल बसले होते.

“काय वाचतोस रं?”

“गुन्ह्याची गोष्ट आहे, निवृत्तीभाऊ. जुन्या चीनमधली. तिथला न्यायाधीशच तपास करतो आणि शिक्षाही तोच देतो.”

“गावातलाच असतो का?”

“छे! स्वतःच्या मुलखात नेमणूकच द्यायचे नाहीत. सगेसोयरे आड येतात म्हणून लांब पाठवायचे.”

“आन् सगेसोयरे तिथंबी पोचले तर?”

“कसे पोचतील?”

“माझा मेहुणा पोचला की. मीच व्हिसा काढून दिला. काल मोबाइल बघत फोर्कलिफ्ट चालवली, आन् नेपाळी हेल्परचा पाय मोडला.”

“बाप रे! रिपोर्ट कोण देणार?”

“मीच. मेहुणा म्हणतो, ब्रेक लागला नाही असं लिहा.”

“मग?”

“ब्रेक मी सोता तपासला. चांगला लागतो.”

“भाऊ, तुमचा फोन वाजतोय.”

“बायकोचा असंल. भावासाठी सकाळपासनं सातवा.”

“उचला ना.”

“वाजू दे. आधी रिपोर्ट पाठवतो, मग उचलतो.”