उसना गळा

नाही नाही, ते रेकॉर्डिंगचं यंत्र तिथं नको, इन्ना मार्कोव्हना, खिडकीशी ठेवा — इथं स्वयंपाकघरातल्या भांड्यांचा आवाज येईल. बायको माझी, झीना, भांडी घासत नाही, भांड्यांना शिक्षा करते. तिला ऐकू जाईल? छे हो, ती ऐकत नाही. माझं बोलणं या घरात रेडिओवरच्या हवामानासारखं — चालू असतं, इतकंच. बाल्झम घ्या थोडं, आमची रीगाची कडू काळी दारू. खोकल्यासाठी ठेवलंय — खोकला नाहीये मला, पण म्हणून बाटलीनं का वाट बघावी? लेनिनग्राडहून एका वाक्यासाठी रीगापर्यंत आलात. देऊ की वाक्य. घाई काय आहे.

तर आर्विद्स स्प्रोगिस, म्हणजे मी, म्हटलं की देशभर लोकांना काय आठवतं? जर्मन. मॉस्कोत कुणाला चित्रपटासाठी जर्मन हवा झाला की तो रीगाला तार ठोकतो — आम्हा लाटव्हियन लोकांची गालाची हाडं वर, डोळे थंड, टोपी नीट बसते. झालं, चढवा गणवेश. कर्नल झालो, डॉक्टर झालो, एकदा नुसता प्रवासी होतो — तोही शेवटी हेरच निघाला. कपडेपटात एका राखाडी कोटाच्या अस्तरावर माझं नाव टाचलंय. पाठीतलं गोळीचं भोक रफू करतात आणि पुढच्या चित्रपटात पुन्हा तिथंच पाडतात. बाजारातली मासेवाली मिल्डा — मी पडद्यावर नीट मेलो की त्या आठवड्यात जाडजूड हेरिंग निवडून देते. एका चित्रपटात मी निसटलो, तर महिनाभर आम्ही शेपट्या खाल्ल्या. खोटं वाटतंय? विचारा झीनाला. नको — नका विचारू.

पण बोललो का मी कधी? एक शब्द नाही. म्हणजे कॅमेऱ्यापुढं घसा फुटेस्तोवर बोलायचो — पण माझ्या रशियनला लाटव्हियन वळण, प्रत्येक शब्दाच्या डोक्यात हातोडा. मग चित्रपट जायचा तुमच्याकडे, आणि तिथं काळोख्या खोलीत तुमचे ग्लेब पावलोविच माझ्या ओठांवर आपला आवाज चढवायचे. सगळी उमर हेच. मरायचो मी, कण्हायचे ते. सन्मानाची पदवी त्यांना, हेरिंग मला.

आणि झीना — ऐका, ही गंमत ऐका. प्स्कोव्हच्या एका कारखान्याच्या क्लबात माझा चित्रपट दाखवला, मग मला मंचावर उभं केलं. वरून ताकीद होती, बोलू नका, प्रेक्षकांचा विरस होतो. मी गळ्याला मफलर गुंडाळून घसा बसल्याचं सोंग केलं, नुसता वाकलो. ती फुलं घेऊन आली. मग काय करतो? लग्नाची नोंद होईपर्यंत घसा बसलेलाच ठेवला. सही झाल्यावर तोंड उघडलं. ती काय म्हणाली? मधाचा काढा केला आणि म्हणाली, “होईल हळूहळू बरा.”

झाला नाही.

मग माझा नवा चित्रपट लागला की बाईसाहेब निघाल्या कोपऱ्यावरच्या थिएटरात. एकट्या. तोच चित्रपट, पुन्हा, पुन्हा. मला वाटायचं, नवरा किती आवडतो हिला — हसू नका, वाटायचं. मग तुमच्याकडच्या एका मेजवानीत ग्लेब पावलोविच भेटले. ठेंगणे, टकले, बशीत काकडीचा डोंगर. ते दोन शब्द बोलले आणि झीनानं — डोळे मिटले. माझी बायको, भर दिवाणखान्यात, डोळे मिटून उभी. मी बाजूला दोन कोट धरून. कोट धरायला चेहरा पुरतो.

यंदा ग्लेब पावलोविच गेले, तर हिनं काळा रुमाल बांधला. शेजारणीला वाटलं मीच गेलो. जिन्यात मी समोर आलो, तर बाई कठडा धरून खाली बसली.

आणि आता तुमचा दिग्दर्शक म्हणतो, नव्या चित्रपटात म्हातारा कोळी आहे, लाटव्हियनच आहे, बोलू दे त्याच्याच आवाजात. आता. दात निम्मे गेल्यावर. पहिला साधा माणूस मिळाला — आणि वाक्य काय दिलंय? बायको उशिरा घरी येते, आणि तो म्हणतो... अहो, ती थिएटरातून यायची ना, डोळे लाल, तेव्हा मी सूप गरम करून ठेवायचो. रोज. ताट पुढं सरकवायचं, गप्प बसायचं. एवढंच वाक्य तर होतं, बोलायला काय झालं होतं — पण तिच्या कानात तो आवाज अजून गरम असायचा, त्यावर माझा हातोडा कशाला? म्हणून मी... जाऊ दे. दुसरा कुणी गळेवाला बघा तुम्ही. रग्गड आहेत तुमच्याकडे.

काय? एकदाच? बरं. एकदाच. नाही आवडलं तर पुसून टाकायचं, वचन द्या. लावा.

आलीस? बस. सूप गरम आहे अजून.

...

इन्ना मार्कोव्हना, भांडी का थांबली?

बंद करा ते. नाही, दुसऱ्यांदा नाही. तुमचा कोट तिकडं आहे, खुंटीला — दार हळू ओढा. आणि कृपा करून स्वयंपाकघराकडं बघू नका. निघा तुम्ही.