कोरडवाहूत फसलेला बूट

शेजारच्या शांताकाकूंचं धाड गावाजवळचं शेत नव्या रस्त्यात गेलं, तेव्हा पाहणीला मी बिनबोलावता हजर होते बरं! भूसंपादनाच्या साहेबांनी बांधावरूनच कागद पाहून सांगितलं, "कोरडवाहू जमीन. मोबदला त्याच दराने मिळेल."

ओलिताला दर जास्त. काकू म्हणाल्या, "सातबारा जुना हाये साहेब, विहीर नंतर खोदली. खाली उतरून तर पाहा!"

साहेब कुरकुरत कांद्याच्या वाफ्यात उतरले आणि घोट्यापर्यंत फसले. पाय निघाला, बूट चिखलातच राहिला.

मी विचारलं, "काकू, काढून देऊ का?"

"थांब वं! कोरडवाहूत बूट काऊन फसला, ते आधी पंचनाम्यात लिहू दे."

पंचसुद्धा हसले. साहेबांनी एका पायावर उभं राहून 'ओलीत' लिहिलं, तेव्हाच काकूंनी बूट दिला.